पाण्याशी लग्न लागलेली हौसाई

चिंचखडीच्या म्हाताऱ्या बायकांना विचारलं, "हौसाई कधीची?" तर त्या सांगतात, "वेशीतल्या चिंचेच्याही आधीची." आणि ती चिंच लहान असताना पाहिलेलं माणूस आज कुणाच्या आजीलाही आठवत नाही. इतकी जुनी ही गोष्ट आहे. लहानांनी ऐकावी, मोठ्यांनी ऐकावी, आणि ज्यांनी दहादा ऐकली त्यांनी अकराव्यांदा ऐकावी.

तेव्हा या मुलखात निजामशाहीचा अंमल होता. चिंचखडी डोंगराच्या पायथ्याला वसलेली, पण गावात पाण्याचे फार हाल. विहीर खणावी तर वीस हातांवर काळा पाषाण लागे. बायका दोन कोस चालून नदीच्या कोरड्या वाळूत झिरे उकरत आणि वाटीवाटीनं घागर भरत.

त्या बायकांत हौसा सगळ्यांच्या मागून चालायची. लग्न होऊन या गावात आली आणि विसाव्या वर्षी तिचा नवरा तापानं गेला. तेव्हापासून ती दीर खंडूच्या घरी, गोठ्याशेजारच्या पडवीत राहत होती. कामाला वाघीण होती, पण सणावाराला तिची जाऊ सारजा दारातून सांगे, "हौसाबाई, आज पुढं येऊ नका हं, सवाष्णी यायच्यात." सारजा मनानं वाईट नव्हती. तिला कुणी वेगळं काही शिकवलंच नव्हतं.

त्यांच्यात विधवेचा पाट लावायची, म्हणजे दुसरं लग्न करून द्यायची रीत होती. पण पाट अंधारात, चोरासारखा लागे. सवाष्णी तिकडं फिरकत नसत, आणि उजाडेपर्यंत त्या बाईचं तोंड पाहायचं नाही असा दंडक होता. हौसाला तर तसंही विचारायला कुणी आलं नाही.

अशात गावचे भुजंग पाटील एका माणसाला घेऊन आले. दूर इराणातल्या यज्द शहराचा तो. नाव उस्ताद यारअली. समुद्र ओलांडून दाभोळला उतरला होता आणि सुलतानाच्या बागेला पाणी आणून देऊन परत निघाला होता. पाटलांनी त्याचे पाय धरले. लोक त्याला वस्ताद म्हणू लागले. पांढरी दाढी, पांढरे कपडे, पांढरं पागोटं. कुणी विचारलं, मातीचं काम आणि पांढरे कपडे कशाला? तर तो हसून म्हणे, "आम्ही जमिनीच्या पोटात शिरतो. ती कधी ठेवून घेईल सांगता येत नाही. कफन अंगावरच असलेलं बरं."

वस्ताद तीन पहाटे डोंगर नुसता बघत बसला. मग त्यानं चिमूटभर माती जिभेवर ठेवली आणि म्हणाला, "आब आहे. डोंगराच्या पोटात झोपलंय." आब म्हणजे त्याच्या भाषेत पाणी. त्याचा हुन्नर असा होता, की गावापासून डोंगरापर्यंत ओळीनं खोल खड्डे पाडायचे, ते खालून एका भुयारानं जोडायचे, आणि भुयाराला इतका हलका उतार द्यायचा की पाणी आपल्या पायांनी गावात चालत यावं. मोट नको, बैल नको, दोर नको. या भुयाराला तो कारीज म्हणे.

तीन वर्षं गाव खणत राहिलं. हौसा मातीच्या पाट्या वाहायची. दुपारी भाकरी सोडली की वस्ताद आपल्या मोडक्या मराठीत सांगत बसे. "माझ्या यज्दला कारीज. हेरातला कारीज. कंदाहारला, बलुच लोकांच्या वाळवंटात, तिथंही कारीज. बोली बदलते, पागोटं बदलतं, भाकरीचा आकार बदलतो. कारीज तोच. जिथं आब, तिथं आबादी." हौसाला ते सगळं ऐकायला फार आवडे. इतक्या लांबलांबच्या गावांत आपल्यासारखीच कुणी बाई पाटी घेऊन उभी असेल, असं तिला वाटे.

तिसऱ्या उन्हाळ्याच्या तोंडाशी भुयार डोंगराखाली पोचलं. दगड ओला लागला. पण पाणी काही येईना. महिनाभर येईना. लोकांचा धीर सुटला, आणि पाटलांनी जड मनानं चावडीवर सांगितलं, "पाडव्याच्या दुसऱ्या दिवशी गाड्या जुंपायच्या. गाव उठवायचं."

त्या संध्याकाळी हौसानं पडवीतून बोलणं ऐकलं. सारजा नवऱ्याला म्हणत होती, "गाडीत पाच जीव, दाण्याच्या दोन कणग्या, वर दळायचं जातं. हौसाबाईंना कुठं बसवू? माझ्या डोक्यावर?"

खंडूनं नुसता हुंकार दिला. आणि तो हुंकारच हौसाला जास्त लागला. उठून गेलेलं गाव तिच्या डोळ्यांपुढं आलं. सगळी दारं बंद, सगळ्या चुली गार, आणि त्यात ती एकटी.

दुसऱ्या दिवशी वस्ताद चावडीवर आला. म्हणाला, "कारीज रुसला आहे. त्याचं लग्न राहिलंय."

लोक एकमेकांकडं बघू लागले. वस्तादनं समजावलं. त्याच्या मुलखात कारीज अडला की त्याला नवरी देतात. नवरीनं रोज त्याच्या पाण्याला हात लावायचा, त्याची विचारपूस करायची. बदल्यात गावानं प्रत्येक खळ्यावरून तिचा धान्याचा वाटा काढायचा. ती कुणाच्या दारची आश्रित राहत नाही.

"नवरी कशी हवी?" पाटलांनी विचारलं. "पोरीबाळी पुष्कळ आहेत."

"विधवा हवी," वस्ताद म्हणाला. "जिचा नवरा आहे ती घरी पळणार. कुमारी उद्या सासरी जाणार. कारीजाजवळ राहील ती विधवाच."

चावडीवर खसखस पिकली. मागून कुणीतरी ओरडलं, "झालं! हौसाचा पाट आता पाटाच्या पाण्याशी!" दुसरा म्हणाला, "नवरा बरा आहे, मारायचा नाही, रुसला तर रुसला!"

वस्ताद हसला नाही. तो म्हणाला, "आधी तिला विचारा."

हौसा खांबाआड उभी होती. आजवर तिला कुणी काही विचारलं नव्हतं. लग्नात विचारलं नव्हतं, नवरा गेल्यावरही नाही. ती खांबाआडून पुढं आली. मग तिनं विचारलं, "वस्ताद, पाणी मला टाकून तर जायचं नाही ना?"

"माणसं गाव सोडतात, माई," वस्ताद म्हणाला. "कारीज सोडत नाही."

"मग चालंल," हौसा म्हणाली.

पण चिंचखडीकरांनी काय केलं? विधवेचं लग्न म्हणजे पाटच, असं धरून त्यांनी ते पाटासारखंच लावलं. अंधारात चार बाप्यांनी तिला भुयाराच्या तोंडाशी नेलं, तिच्यावर चार दाणे टाकले आणि मागं न बघता घरं गाठली. ना हळद, ना सवाष्ण, ना गाणं. वस्तादला बोलावलंसुद्धा नाही. हौसा आत जाऊन पहाटेपर्यंत ओल्या दगडाशेजारी बसून राहिली. पाणी आलं नाही.

सकाळी वस्तादला हे कळलं आणि तो तडक चावडीवर आला. "लग्न लावलंत की चोरी केलीत? ज्या नवरीची तुम्हाला लाज वाटते, तिच्या घरी नवरदेव कशाला येईल? आमच्याकडं भर दुपारी लावतात. ढोल वाजवून."

पाटील खाली मान घालून म्हणाले, "वस्ताद, आमच्यात उजेडात होत नाही. सवाष्णी तयार व्हायच्या नाहीत."

"तुमच्या रीतीत मी बोट घालत नाही," वस्ताद म्हणाला. "मग मीही निघतो. उद्या आमचा नवरोज, नवं वर्ष. तेवढा दिवस इथं काढतो." आणि तो आपली कुदळ, दिवे, ओळंबा बांधायला लागला.

गाड्यांना वंगण घातलं जात होतं. हौसा ते बघत होती. वस्ताद जाणार, गाव जाणार. आपण अंधारात बसलो म्हणून पाणी आलं नाही, एवढं तिला कळलं होतं. आता जे करायचं ते उजेडात करायचं, आणि आपणच करायचं, असं तिनं ठरवलं.

नवरोजच्या दिवशी, चांगलं ऊन वर आल्यावर, गोठ्याशेजारच्या पडवीतून जात्याची घरघर ऐकू आली. हौसा हळद दळत होती. स्वतःच्या लग्नाची हळद. दळताना ती गातही होती. तिनं ती हळद आपल्या हातानं तोंडाला लावली, हातापायांना लावली, आणि बरोबर दुपारी रस्त्यावर आली. आजवर ती भिंतीच्या कडेनं चालायची. त्या दिवशी ती रस्त्याच्या मधून चालली.

बायका उंबऱ्यावर येऊन उभ्या राहिल्या. कुणी तोंड फिरवलं नाही, पण पुढंही कुणी येईना. पण हौसा थांबली नाही.

आणि मागून आवाज आला, "अहो थांबा! थांबा म्हणते ना!"

सारजा धावत येत होती. हातात हळदीची वाटी. ती हौसासमोर येऊन उभी राहिली, धापा टाकत तिच्याकडं बघितलं, आणि तिचे डोळे भरून आले. पण जीभ काही बदलली नाही. "हळद अशी लावतात होय? मान सगळी कोरडीच की! हसं करायचंय का आमच्या घराचं?" आणि तिनं भर रस्त्यात आपल्या जावेच्या मानेला, खांद्यांना, कानांमागं हळद लावली.

मग काय, दुसरी आली, तिसरी आली. कुणी हिरव्या बांगड्या आणल्या, कुणी हलगी आणली. भुयारापाशी पोचेपर्यंत सगळं गाव मागं होतं. असं म्हणतात, त्या दिवशी चिंचखडीत एकही घर बंद नव्हतं आणि एकाही घरात माणूस नव्हतं.

जोशीबुवा गावात नव्हते. खरंच नव्हते की मुद्दाम गेले होते, कोण जाणे. बायकांनीच आठवतील तशा मंगलाष्टका म्हटल्या. वस्तादनं आपलं पांढरं पागोटं सोडलं. जे त्यानं स्वतःच्या कफनासाठी जपलं होतं, तेच हौसा आणि भुयार यांच्यामध्ये अंतरपाट म्हणून धरलं. "मुलीचा बाप कोण?" पाटलांनी विचारलं. वस्ताद म्हणाला, "मी." अंतरपाट दूर झाला, अक्षता पडल्या, आणि हौसा हातात दिवा घेऊन आत चालत गेली.

वस्ताद कुदळ घेऊन तिच्यामागं गेला. आत डोंगराखाली, जिथं खणणं थांबलं होतं, तिथं तिनं दगडाला कान लावला. समोरच्या दगडातून काही ऐकू येईना. उजवीकडून येईना. डावीकडं कान लावला आणि ती हसली. बाळ पोटात हलावं तसं आत काहीतरी हलत होतं.

"इथं आहेत," ती म्हणाली. नवऱ्याचं नाव घेऊ नये म्हणून.

वस्ताद चाळीस वर्षं कारीज खणत होता. त्याचा हिशोब समोर खणायचं सांगत होता. पण तो म्हणाला, "नवरीचं ऐकायचं असतं." आणि त्यानं डावीकडं घाव घातला. एक घातला, दोन घातले. तिसऱ्या घावाला डोंगर बोलला.

बाहेर लोकांना आधी गार वारा लागला. मग गडगडाट झाला. मग वस्तादची आरोळी आली, "आब आमद! आब आमद!" पाणी आलं, पाणी आलं. त्या भाषेचा एक शब्द ज्यांना येत नव्हता त्यांनाही तो बरोबर कळला. पाणी कमरेइतकं आलं आणि त्याच्या मधोमध हौसा चालत आली. असं म्हणतात, पाणी तिला ढकलत नव्हतं, हात धरून आणत होतं. असंही म्हणतात, की तिच्या हातातला दिवा विझला नव्हता, आणि पाण्यावर हळदीचा पिवळा रंग वेशीपर्यंत पसरला होता.

गाड्यांवरचं सामान उतरलं. बैल पाण्यावर नेले.

वस्ताद यज्दला परत गेलाच नाही. "लेकीच्या गावचं पाणी बापानं पिऊ नये म्हणतात तुमच्यात," तो म्हणे, "पण हे तर जावयाचं पाणी आहे!" आणि ओंजळ भरून प्यायचा. त्याचा हुन्नर त्यानं हौसाला शिकवला. ती ऐंशी वर्षं जगली. दर साल भुयारात उतरून गाळ काढायची, आणि आजूबाजूच्या सात गावांना पाणी कुठं आहे ते कान लावून सांगायची. शेवटी एका दुपारी ती आत गेली आणि बाहेर आली नाही. शोधायला गेलेल्यांना दगडावर फक्त हिरव्या बांगड्या मिळाल्या. कुणी रडलं नाही. बाई सासरी गेली, असंच सगळे म्हणाले.

कारीज आजही वाहतो. दरवर्षी दिवसरात्र सारखी होते त्या दिवशी, म्हणजे वस्तादच्या नवरोजला, भर दुपारी चिंचखडीत हळद लागते. ती लावली जाते गावातल्या विधवांना, आणि लावायची ती जावेनं. जाऊ नसेल तर शेजारीण जाऊ होते. मानेला हळद लावायची राहिली तर बायका अजून ओरडतात. मग त्या विधवा रस्त्याच्या मधून, हलगीच्या मागून, भुयारापाशी जातात आणि वर्षाची पहिली घागर भरतात. घागर बुडाली की पोरं ओरडतात, "आबामद! आबामद!" अर्थ विचारला तर सांगता येत नाही, पण आवाज डोंगरापर्यंत जातो. ज्वारीच्या प्रत्येक खळ्यावर पहिली पायली 'नवरीचा वाटा' म्हणून बाजूला निघते आणि त्या विधवांच्या घरी पोचवली जाते, मागायला जावं लागत नाही.

आणि चिंचखडीत लेक द्यायला आलेले पाहुणे मुलाचं घर बघतात, शेत बघतात, पण लेकीची आई आधी कारीजावर जाते. पाण्याला हात लावते, आणि मग घरी येऊन आपल्या माणसाला हळूच सांगते, "द्या हो पोरगी. इथं काही झालं तरी ती एकटी पडायची नाही."