बंद आणि बंदी

विषय: तुरुंगाचा सिनेमा पाहून वाढलेली आशा.
संदर्भ: दौलत साळी, मुकादम, यांचा अर्ज.

वरील विषयी सादर करण्यात येते की, एका गावात सतरंज्यांचा एक सरकारी कारखाना होता. तो बंद पडला. चाळीस विणकर घरी बसले आणि मागांचा लिलाव पुढच्या महिन्यात ठरला.

त्याच आठवड्यात गावच्या थिएटरात तुरुंगाचा सिनेमा लागला. त्यातला कैदी पाणी घालून दुधीचा वेल वाढवतो आणि त्यावरून भिंत चढून पळतो. विणकर तो रोज पाहू लागले.

मध्यंतरात यशवंता विणकर म्हणाला, "दोन वेळचं जेवण आहे, काम आहे, वर कामावरून काढायची भीती नाही. असली नोकरी सोडून पळतोय येडा."

"पण तो भिंतीवर चढला की शिट्ट्या तूच मारतोस," दौलतआबा म्हणाले. "जेवणाच्या ताटाला एकदाही मारली नाहीस."

दुसऱ्या दिवशी आबांनी सरकारला अर्ज केला: बंद कारखान्याच्या कामगारांना माग चालवायला द्यावेत.

कचेरीतल्या कारकुनाला नोंदवहीत 'बंद कारखान्याचे कामगार' हे लांबलचक वाटले. त्याने 'बंदी कामगार' असे आटोपशीर लिहिले. अर्ज तुरुंग खात्याकडे गेला. तिकडून विचारणा आली: अर्जदार कोणत्या तुरुंगात आहेत? वर्तणूक कशी आहे?

गाव हसले. यशवंता म्हणाला, "आबा, तुरुंगातही सतरंज्या विणतात म्हणे. आत घेताय का, तेवढं विचारा." तो हसत नव्हता.

आबांनी उत्तर लिहिले: अर्जदार बाहेर आहेत. वर्तणूक चांगली आहे. माग मिळावेत.

तुरुंग खात्याने अर्ज उद्योग खात्याकडे पाठवला. उद्योग खात्याने तो अभिप्रायासाठी तुरुंग खात्याकडे परत पाठवला. तेवढ्यात लिलावाची तारीख आली आणि एक नियम सापडला: अर्ज प्रलंबित असताना माग विकता येत नाहीत. न चालवलेले माग गंजतात, म्हणून विणकरांना ते चालते ठेवण्याची परवानगीही मिळाली. चालत्या मागावर सतरंजी तयार होते, यास कोणत्याही खात्याची हरकत आढळली नाही.

चाळीसही जण कामावर आहेत. अर्ज अद्याप विचाराधीन आहे.

तात्पर्य: भीती भाकरी दाखवते, म्हणून तिला खोटी म्हणू नये, पण अर्जावर सही आशेची घ्यावी, आणि विचारणा कितीही वेडगळ आली तरी उत्तर द्यावे.