थोरबाला एकदाच विचारायचं

अहो ताई, त्या दगडावर नका बसू. फोटो काढायचाय ना? मग शेजारी उभ्या राहा, हात टेका, काय करायचं ते करा, पण बूड टेकवू नका. देव नाही तो. शेंदूर दिसतोय का कुठे? नारळ फोडलेला दिसतोय? नाही ना? तरी त्यावर कोणी बसत नाही. आमच्या खडकपाड्यात कुत्रंसुद्धा त्यावर चढलं तर माणसं हाकलतात.

त्याला आम्ही थोरबा म्हणतो. मघापासून तुम्ही वहीत लिहून घेताय, म्हणून आधी अर्थ सांगून टाकतो. थोर म्हणजे मोठा, बा म्हणजे बाप. सगळ्या बापांच्या वरचा बाप. आता गावात असं कोणाला म्हणत नाहीत. म्हटलंच तर भांडण होतं. कोणी ढिम्म बसून राहिला, हाकेला ओ देईना, तर बायका म्हणतात, ‘झाला का थोरबा?’ आणि ऐकणारा झटकन उठतो. पण एके काळी हा गावातला सगळ्यात मानाचा शब्द होता. तो माणसावरून उतरून दगडावर कसा आला, ते ऐका. मी सातवी शिकलोय, माझ्या सांगण्यात इतिहास शोधू नका. माझ्या आजीनं सांगितलं, तिला तिच्या आजीनं सांगितलं म्हणे.

आधी हा बंधारा समजून घ्या, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. नदीला आडवी ही दगडी भिंत. अडलेलं पाणी या अंगानं पाटात शिरतं आणि पाटानं शेतांना जातं. भिंतीच्या मधोमध ती मोरी दिसते ना, तिला सागाच्या पाच फळ्या. फळ्या बसवल्या की पाणी अडतं, उपसल्या की नदीच्या वाटेनं निघून जातं. पूर आला आणि फळ्या जागेवरच राहिल्या, तर सगळं पाणी पाटात घुसतं, पाट फुटतो आणि पाटाखाली आहे खालची वाडी. तेव्हा तिथे पंधरा-वीस घरं होती, असं सांगतात.

फळ्या कधी काढायच्या हे फक्त थोरबानं सांगायचं. थोरल्या घराचा थोरला पुरुष, तो थोरबा. पहिला गेला की तेराव्याला दुसऱ्याच्या डोक्यावर पागोटं ठेवायचं, आणि मग तो या दगडावर बसायचा. पहाटे येऊन बसला की दिवस मावळेपर्यंत इथेच. पाण्याची पाळी, बांधाचं भांडण, सोयरीक, सगळं इथे.

आणि त्याला विचारायची रीत होती. पागोटं काढून, हात जोडून, मान खाली घालून विचारायचं. तोंडाकडे बघायचं नाही. अंगाला हात लावायचा नाही. तीनदा विचारायचं, आणि दोन विचारण्यांच्या मध्ये एक चिलीम ओढून होईल एवढा वेळ थांबायचं. तीनदा विचारून थोरबा बोलला नाही, तर त्याचा अर्थ ‘नाही’.

हसू नका. रीत वेडी नव्हती. फार पूर्वी म्हणे कोणीतरी ‘पूर आला, पूर आला’ म्हणून ओरडला आणि चार जणांनी घाबरून फळ्या उपसल्या. पूर काही आला नाही. साठवलेलं सगळं पाणी वाहून गेलं, गहू उभ्या उभ्या वाळला आणि त्या वर्षी माणसांनी रानातली कंदमुळं उकडून खाल्ली. तेव्हापासून ठरलं, की एकानं सांगायचं आणि घाईत नाही सांगायचं. चिलीम ओढेपर्यंत माणसाचं डोकं थंड होतं, हे तर खरंच आहे ना?

तर शेवटचे थोरबा. पाळण्यातलं नाव झिपरू, पण ते नाव घ्यायची कोणाची टाप नव्हती. वय झालेलं. खांद्यावर घोंगडी, पुढ्यात काठी, काठीवर दोन्ही हात आणि हातांवर हनुवटी. असे बसले की तासन् तास हलायचे नाहीत. त्यांना एकच मुलगा, वेडू. दचकू नका, आमच्याकडे दृष्ट लागू नये म्हणून अशीच नावं ठेवतात. वेडू चांगला शहाणा होता, पण बापापुढे त्याच्या तोंडून शब्द फुटायचा नाही. त्याची बायको ठगूबाई. तिचं माहेर खालच्या वाडीतच. तिला अडीच वर्षांची एक मुलगी होती, भिकी.

भाद्रपदाचे दिवस होते. गावावर लख्ख ऊन पडलेलं. त्या दिवशी वरच्या घरात शेण-सारवण काढलं होतं, म्हणून ठगूबाईनं भिकीला सकाळीच खालच्या वाडीत आपल्या आईकडे पोचवलं.

न्याहारीच्या वेळेला दोन भाऊ पाळीचं भांडण घेऊन इथे आले. धाकट्याला एक दिवस पाणी जास्त हवं होतं. रीतीप्रमाणे तीनदा विचारलं. थोरबा बोलले नाहीत. म्हणजे नाही. धाकटा मान खाली घालून निघून गेला, थोरला मनात खूष झाला. एवढं लक्षात ठेवा.

मग दुपार व्हायच्या आत पाटकरी धुडकू धावत आला. पाटावर देखरेख करणारा तो पाटकरी. वर डोंगरात ढग फुटला होता, इथे कोणाला पत्ता नाही. त्यानं वरच्या वळणावर पाणी बघितलं होतं, लाल, आख्खी झाडं घेऊन येणारं. त्याची हाक ऐकून वेडू आला, पाच-पंचवीस पुरुष जमले. सगळ्यांनी पागोटी काढली. वेडूनं हात जोडून विचारलं, ‘थोरबा, फळ्या काढू का?’

थोरबा बोलले नाहीत. मंडळी थांबली. चिलीम पेटली, या हातातून त्या हातात गेली. समोर पाणी चढतंय, आणि पंचवीस धट्टेकट्टे पुरुष खाली माना घालून चिलीम संपायची वाट बघतायत. मी ही गोष्ट शंभरदा सांगितली असेल, तरी इथे आलो की माझ्या अंगावर काटा येतो.

दुसऱ्यांदा विचारलं. पुन्हा तेच. धुडकूच्या तोंडचं पाणी पळालं होतं. तो म्हणे नुसता मोरीकडे बघायचा आणि पुन्हा पायांकडे बघायचा. पाणी पाटाच्या काठाला लागलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा ते या दगडाच्या बुडाशी आलं होतं, थोरबांच्या घोंगडीचं टोक भिजून पाण्यावर हलत होतं. थोरबा तसेच. आणि वेडूनं वळून गावाला सांगितलं, ‘थोरबा नाही म्हणतात.’

झालं. थोरबांना काहीतरी दिसत असेल जे आपल्याला दिसत नाही, असंच सगळ्यांना वाटलं. मंडळी तशीच उभी.

तेवढ्यात ठगूबाई भाकरी घेऊन आली. रोज याच वेळेला यायची. डोक्यावरून पदर, नजर खाली, सासऱ्यापुढे वाकून भाकरी ठेवायची आणि तसंच मागे सरायचं. ती वाकली. उभ्या माणसाला मान खाली घातल्यावर फक्त पाय दिसतात, पण वाकलेल्या बाईला खालून तोंड दिसतं. थोरबांचे डोळे अर्धे उघडे होते. एका डोळ्यावर माशी बसली होती. ती बुबुळावरून चालत गेली आणि पापणी हलली नाही.

ठगूबाईनं हात पुढे केला आणि त्यांच्या हाताला लावला. मंडळी दचकली म्हणे, सुनेनं थोरबाला हात लावला म्हणून. पुराला कोणी एवढं दचकलं नव्हतं. हात थंड होता, आणि लाकडासारखा ताठ.

ती म्हणाली, ‘बाबा गेलेत. केव्हाचेच गेलेत.’

आता तरी धावतील की नाही फळ्यांकडे? तुम्ही धावला असता, मी धावलो असतो, असं आपल्याला इथे उन्हात उभं राहून वाटतं. ते नाही धावले. एक जण मटकन खाली बसला. तो सकाळचा धाकटा भाऊ. आपण मेलेल्या माणसाचा निवाडा ऐकून मुकाट्यानं घरी गेलो, हे त्याच्या ध्यानात आलं होतं. आणि बाकीचे बोलायला लागले. थोरबा गेले, मग आता फळ्या काढायला सांगायचं कोणी? वेडूनं सांगावं, तर त्याच्या डोक्यावर अजून पागोटं नाही. पागोटं तेराव्याला. एक म्हातारा म्हणाला, की थोरबा ‘नाही’ म्हणून गेलेत, त्यांचा शेवटचा शब्द मोडायचा कसा? बघा म्हणजे! जो शब्द त्यांनी उच्चारलाच नाही, तो मोडायची यांना भीती.

ठगूबाईनं पदर कमरेला खोचला. ‘मेलेला माणूस नाही म्हणत नाही,’ ती म्हणाली. ‘माझी पोर खाली आहे.’

आणि ती भिंतीवरून चालत मोरीवर गेली. फळी काढायचा लोखंडी आकडा तिथेच असतो, आजही तिथेच आहे, जाताना दाखवतो. तिनं तो कडीत घातला आणि ओढला. पहिली फळी निघाली. दुसरी निम्मी वर येऊन अडकली. तेव्हा धुडकू धावला. पाटकऱ्याला थोरबाच्या शब्दावाचून मोरीला हात लावला तर गाव सोडावं लागायचं, घरात चार तोंडं खाणारी, तरी धावला. दोघांनी मिळून दुसरी काढली, तिसरी काढली. मग वेडू गेला. मग सगळे गेले. बाप दाखव नाहीतर श्राद्ध कर म्हणतात, यांना दोन्ही दिसेपर्यंत हात हलवता आला नाही.

पाणी नदीच्या वाटेला लागलं. पण पाट त्याआधीच एका जागी फुटला होता.

खालच्या वाडीतली चार घरं गेली. पाटाला लागून असलेली. त्यांत ठगूबाईच्या आईचं घर होतं. बाकी घरांतली माणसं ओरडा ऐकून टेकाडावर पळाली, म्हातारीला पळता येत नव्हतं. पाणी ओसरल्यावर लोक शोधायला उतरले. बाजरीच्या वावरात एक कणगी अडकली होती, धान्य साठवायची, शेणानं लिंपलेली मोठी टोपली. आत भिकी होती. भिजलेली, रडून रडून आवाज बसलेला, पण जिवंत. नातीला कणगीत घालायचं एवढं एकच काम म्हातारीनं केलं, आणि तेवढाच वेळ तिच्यापाशी होता. तिचं प्रेत दुसऱ्या दिवशी सापडलं. लोक म्हणत, एक चिलीम आधी फळ्या निघाल्या असत्या, तर म्हातारी वाचली असती. आणि इथे दोन चिलमी ओढल्या होत्या.

थोरबांना सरळ निजवता येईना, बसलेलेच नेले. अंग ज्या मानानं ताठलं होतं, त्यावरून जाणत्यांनी सांगितलं, की पहाटे येऊन बसले आणि दिवस उगवायच्या सुमाराला गेले असावेत. म्हणजे सकाळपासून जो आला त्यानं प्रेताला हात जोडले. एकालाही शंका आली नाही. येणार कशी? जिवंतपणी तरी ते काय वेगळे दिसायचे?

ठगूबाई नवऱ्याशी बारा दिवस बोलली नाही. तेराव्याला सगळं गाव इथे जमलं. वेडूच्या डोक्यावर पागोटं ठेवलं आणि म्हणाले, बस. वेडू दगडाकडे निघाला. तेव्हा ठगूबाई बायकांतून पुढे आली. रडली नाही, ओरडली नाही म्हणे.

‘बसायचं असेल तर बसा,’ ती म्हणाली. ‘पण मी रोज येऊन तुम्हाला हलवून बघणार. चारचौघांत. दर घटकेला.’

वेडू दगडापाशी जाऊन थांबला. त्याच्याच तोंडून ‘नाही’ निघालं होतं, ते त्याला माहीत होतं. मग त्यानं डोक्यावरचं पागोटं काढून दगडावर ठेवलं आणि लोकांना सांगितलं, की आजपासून हाच थोरबा. आणि तो मंडळीत जाऊन बसला. त्यानंतर या गावात थोरबा झाला नाही. त्या भिकीचा मी खापरपणतू.

ते पागोटं कुजून गेलं, दगड राहिला. आजही भाद्रपदात, मोरी साफ करायच्या दिवशी, गावातला सगळ्यात वयस्क माणूस या दगडापुढे उभा राहतो आणि विचारतो, ‘थोरबा, फळ्या काढू का?’ एकदाच विचारतो. त्याचा प्रश्न संपायच्या आत गावातली सगळ्यात नवी सून आकडा ओढते. उत्तरासाठी थांबायचं नाही, हीच रीत. आणि खरा पूर आला तर तेवढंही विचारत नाहीत. ज्याला पाणी आधी दिसेल त्यानं फळ्या काढायच्या, मग ते शाळेतलं पोर का असेना.

गेली सहा वर्षं दगडाला विचारायचा मान माझ्याकडे आहे. म्हणजे गावात सगळ्यात म्हातारा मीच, ते तुमच्या ध्यानात आलंच असेल. त्या मानाची दुसरी बाजूही ऐका. दुपारी जेवून मी ओट्यावर जरा डोळे मिटले, की कोणीतरी येऊन खांदा हलवतं. ‘नाना, ओ नाना.’ नातसून हलवते, शेजारची हलवते, रस्त्यानं जाणारा पोस्टमनसुद्धा सायकल टेकवून हलवतो. मी चिडतो, शिव्या देतो. कोणी ऐकत नाही. शिवी ऐकली की हसतात आणि आपल्या कामाला जातात.