वांग्यात अडकलेला उपास

नरसोजीराजांनी एका सकाळी फर्मान काढलं की वांगं ही भाजी नसून फळ आहे, आणि तळेवाडीच्या लोकांच्या तोंडचा घास गेला.

तुम्ही म्हणाल, वांग्याला कुणी काही म्हणेना का, बिघडलं कुठं? बिघडलं होतं बरं! तळेवाडीचे मळे नदीकाठच्या गाळावर, आणि त्या गाळाची जुनी वहिवाट अशी की भाजी पिकवणाऱ्याची, फळ मात्र राजवाड्याचं. आजवर उन्हाळ्यात चार कलिंगडं वाड्यावर जायची, कुणी कुरकुरत नसे. पण यंदा राजाच्या बागेतली वांगी किडली, आणि चंपाषष्ठी तर तोंडावर आलेली. आषाढापासून वांगं वर्ज्य. तेव्हापासून जीभ आवरून बसायचं, खंडोबाच्या नवरात्रात उपास करायचे, आणि षष्ठीला देवाला भरीत-रोडग्याचा नैवेद्य दाखवून मगच वांग्याला तोंड लावायचं. राजाचा तर भरतावर भारी जीव. त्यानं तळेवाडीच्या मळ्यांवर पहारे बसवले आणि एकूण एक वांगं वाड्याचं करून टाकलं.

माणसांचं राहू द्या, देवापुढे ठेवायलाही गावाकडे वांगं उरलं नाही. रखमाजी माळी पारावर चडफडत म्हणाला, की याला म्हणतात वड्याचं तेल वांग्यावर, आणि इथं तर वांगंही आमचंच! पण हे तो बोलला अगदी हळू. राजाच्या कानावर घालायचं कुणी, असं निघालं तेव्हा जो तो आपल्या पायांकडे बघायला लागला. रखमाजीची मुलगी सगुणा तेवढी उठली. तिला गप्प बसणं कधी जमलंच नव्हतं, आणि भरीत तिलाही राजाइतकंच आवडत होतं.

दरबारात राजानं तिचं सगळं ऐकून घेतलं. मग बोटांवर मोजत सांगितलं, की वांगं फुलातून येतं, पोटात बिया घेऊन येतं, देठाला लोंबतं, मग ते फळ नाही तर काय?

"मग कारलंही फळच की, महाराज," सगुणा म्हणाली.

"कारल्याचं नंतर बघू," राजा घाईनं म्हणाला.

दरबारी गालात हसले. ते राजाला दिसलं आणि त्याचा हट्ट आणखीच चढला. त्यानं तिथल्या तिथं पैज लावली. चंपाषष्ठीला सूर्य मावळायच्या आत सगुणानं राजाच्याच तोंडून वांग्याला भाजी म्हणवून घ्यायचं. म्हणवलं तर गावाची वांगी गावाला परत. नाही म्हणवलं, तर रखमाजीचा मळा कायमचा राजाच्या बागेला जोडायचा.

सगुणा हो म्हणून बसली खरी, पण घरी येता येता तिला पैजेतली मेख कळली. स्वतःचं तोंड राजाच्या ताब्यात, ते तो कशाला उघडेल? रखमाजी मळ्याच्या बांधावर जाऊन बसला. ते बघून तिला रडूच आलं. वांगी गेली तर गेली, पण आपल्या जिभेपायी बापाचा मळा जायचा होता!

नवरात्र बसलं, घरोघर उपास सुरू झाले. एका दुपारी सगुणा पेरू खात बसली होती. एक झाला, दुसरा झाला, तरी पोटातली आग विझेना. तेव्हा आई म्हणाली, "टोपलीभर खाल्लेस तरी फळानं उपास सुटतो होय? त्याला षष्ठीच उजाडावी लागते." सगुणाचा घास तोंडातच थांबला. मग ती एवढी हसली की आईला वाटलं, उपास हिच्या डोक्यात गेला.

षष्ठीला खंडोबाच्या देवळात सगळा मुलूख लोटला. भंडारा उधळला, आरती झाली, राजा पाटावर बसला. पुढे ताट. ताटात कांद्याची पात घातलेलं भरीत, तुपात भिजलेले रोडगे, लोण्याचा गोळा. पण राजघराण्याची एक रीत होती. उपास सोडायचा तो देवापुढच्या निखाऱ्यावर भाजलेल्या, नुसतं मीठ लावलेल्या वांग्याच्या घासानं. तो पोटात गेला की उपास सुटला. त्याआधी ताटातल्या कशालाही शिवायचं नाही.

राजानं घास उचलला, तशी सगुणा पुढे झाली.

"महाराज, हातात काय आहे?"

"वांगं," राजा म्हणाला, आणि पैज आठवून डोळे मिचकावत म्हणाला, "म्हणजे फळ!"

"मग खुशाल खा. उपासाला फळ चालतं. पण मग ताटाला हात लावू नका."

"का म्हणून?"

"फळ खाल्ल्यानं उपास सुटत नाही, महाराज. आपला चालूच राहिला!"

राजाचा हात तोंडाशीच थांबला. त्यानं गुरवाकडे पाहिलं. गुरव म्हणाला, की रीत तर तीच आहे, फळानं पारणं फेडलेलं त्यानं कधी ऐकलं नव्हतं. राजानं राणीकडे पाहिलं, तर ती पदराआड हसत होती. भरताचा खमंग वास सरळ नाकात शिरत होता. सहा दिवसांचं रिकामं पोट असं गुरगुरलं की मागच्या रांगेलाही ऐकू गेलं.

"अगं, मग हा उपास सुटायचा तरी कधी?" राजा कळवळून म्हणाला.

"वांगं भाजी होईल तेव्हा."

राजानं एकदा घासाकडे पाहिलं, एकदा ताटाकडे, आणि मग त्याला जे हसू फुटलं ते आवरेना. "भाजी!" तो ओरडला. "भाजी, भाजी, सात वेळा भाजी! आता जेवू दे मला, पोरी!"

त्यानं घास गिळला आणि भरतावर तुटून पडला. जेवता जेवताच त्यानं हुकूम सोडले. वाड्यावरच्या टोपल्या उघडून वांगी गावाला वाटा, देवळासमोर चुली मांडा, आणि रखमाजीचा मळा आजपासून त्याच्या लेकीच्या नावावर, त्यातलं फळसुद्धा तिचंच. त्या दुपारी तळेवाडीत ढेकर दिला नाही असा माणूस उरला नाही.

हात धुताना राजाला एकदम आठवण झाली. "काय गं, त्या कारल्याचं राहिलंच की. ते काय धरायचं?"

सगुणानं हात जोडले. "ते फळच असू द्या, महाराज. सगळं वाड्यावर पोचवते!"

राजाला हसता हसता ठसका लागला.