आमरीचं कुंपण

पठारांना अजून नावंही पडली नव्हती, तेव्हाची गोष्ट. जमिनीत रुजणाऱ्या एका आमरीला आपल्या पांढऱ्याशुभ्र फुलांचा भारी तोरा होता. मोरी म्हैस शेजारी चरायला आली की ती नाक मुरडायची. “शी! काय तो शेणाचा वास!” शेवटी करवंदीच्या जाळीला गळ घालून तिनं स्वतःभोवती काटेरी कुंपण करून घेतलं.

पुढच्या पावसाळ्यात आत चरायला कुणीच नव्हतं. गवत असं माजलं, की आमरीच्या डोक्यावरून गेलं. ऊन मिळेना, फुलाकडे एक पाखरू फिरकेना.

“मोरीताई,” ती काकुळतीला आली, “आत या ना! पोटभर चरा. तुमच्या शेणाला काय सुगंध येतो हो!”

मोरीनं रवंथ करत शेपटीनं माशी हाकलली. “आले असते गं. पण काट्यांवरून उडी मारायला मी काय हरीण आहे?”