निंबदरा घाटातली तान्हूबाईची पाणपोई

समोर दिसते ती निंबदरा घाटाची धर्मशाळा. दारावरची पाटी नीट वाचा, पाहुणे. 'व्यवस्था : तहसील कचेरी' एवढंच लिहिलंय. मालकाचं नाव नाही. घर सरकारच्या ताब्यात आहे, पण सरकारचं नाही. असं का, ते आमच्या धनगरवाड्यात पिढ्यानपिढ्या सांगत आलेत. मी चुलत्याकडून ऐकलं, तसं सांगतो.

पूर्वी कोकणातलं मीठ बैलांवर लादून याच वाटेनं वर यायचं. बसाप्पा शेटे म्हणून एक मिठाचा व्यापारी होता. त्याची आठ वर्षांची मुलगी ऐन वैशाखात या चढणीवर पाण्यावाचून गेली. बसाप्पानं इथंच संकल्प सोडला आणि ही धर्मशाळा बांधली. दुसरं मूल नव्हतं, म्हणून दानपत्र करून त्यानं घर सरकारच्या हाती सोपवलं. अट एकच घातली. वाटसरू इथं पाणी पितो तोवर घर वाटसरूंचं. तो यायचा थांबला की सरकारजमा.

पाणी भरायचं काम गुरवांच्या घराकडे होतं. त्या घरातली शेवटची तान्हूबाई. नवरा तापानं गेलेला, मूलबाळ नाही. तिच्या काळात दुष्काळ पडला आणि धान्य ठेवायला म्हणून मामलेदारानं चार महिन्यांसाठी खोल्या घेतल्या. त्या चार महिन्यांची बारा वर्षं झाली. धान्य गेलं, जंगल खात्याची लाकडं आली, तान्हूबाईचं बिऱ्हाड ओसरीवर आलं. पुढे पलीकडच्या खिंडीतून गाडीरस्ता झाला आणि ही वाट ओस पडली. मग कचेरीतून निरोप आला, आता वाटसरू राहिले नाहीत, घर सरकारचं झालं, ओसरी सोड.

तान्हूबाई दोन दिवस चालत जिल्ह्याला गेली आणि तिनं सरकारवर दावा लावला. सरकारी वकिलानं एकच गोष्ट विचारली, "अलीकडं कोण प्यालं पाणी? एक माणूस उभा करा." कोर्टानं मुदत दिली.

ती परत आली आणि वाट बघत बसली. सकाळी झऱ्यावरून पाणी आणायचं, रांजण भरायचा, वाटेकडे तोंड करून बसायचं. आठवडेच्या आठवडे माणसाचा शब्द कानावर पडत नसे. आपला आवाज गेला की काय, म्हणून ती मधूनच स्वतःचं नाव मोठ्यानं घेऊन बघायची, म्हणे.

आमचे खापरपणजोबा महिन्यातून एकदा शेळ्या घेऊन इकडे येत. ते म्हणाले, "काकी, मी जातो साक्षीला. पाणी तर मी पितोच."

"तू इथलाच," ती म्हणाली. "वाटसरू नव्हेस. खोट्या साक्षीनं घर राखलं, तर बसाप्पाच्या लेकीला मी काय तोंड दाखवू?"

मुदत संपत आली, तेव्हा जज्जसाहेबांनी जागा डोळ्यांनी बघायचं ठरवलं. उकिडवे त्यांचं आडनाव. दिवस वैशाखाचे. घोडं अर्ध्या चढणीवर अडलं, बरोबरची माणसं मागं राहिली. साहेब एकटेच ओसरीपाशी पोहोचले ते भिंतीला धरून. तान्हूबाईनं त्यांना ओळखलं नाही.

"बसा दादा. आधी घाम जिरू द्या, मग पाणी देते."

साहेब तीन तांबे पाणी प्याले. मग त्यांचं लक्ष समोरच्या म्हातारीकडे गेलं. ती रिकामा तांब्या हातात धरून त्यांच्याकडेच बघत होती.

"बाई," ते म्हणाले, "तुमचा दावा माझ्यापुढे आहे. पण आता मला तो चालवता यायचा नाही. मी हे पाणी प्यालो. आता मी साक्षीला उभा राहीन."

"म्हणजे अजून थांबायचं?" तिनं विचारलं.

"हो. थांबायचं."

दावा दुसऱ्या जज्जाकडे गेला. तीन वर्षं लागली. उकिडवे पिंजऱ्यात उभे राहिले, तेव्हा सरकारी वकील म्हणाले, "आपण तपासणीला गेला होतात. वाटसरू कसे?"

"तहान लागली तेव्हा मी तपासणी करत नव्हतो," ते म्हणाले.

निकाल लागला. घर वाटसरूंचं, सरकार फक्त राखणदार. आणि राखणदारी विसरू नये म्हणून तालुक्याच्या मोठ्या अधिकाऱ्यानं अक्षय्य तृतीयेला स्वतः रांजण भरावा, आणि कुणी परका येऊन पाणी पिईपर्यंत जागचं उठू नये.

कागद घेऊन चपरासी वर आला, तेव्हा ओसरीवर कुणी नव्हतं. रांजण भरलेला होता. पाणी दोन दिवसांचं असावं, असं सांगतात. तान्हूबाई झऱ्याच्या वाटेवर सापडली.

आजही अक्षय्य तृतीयेला तहसीलदार येतात. आम्ही गावातलं कुणी वर फिरकत नाही. आमचं पिणं धरत नाहीत. गेल्या साली नव्या बाई आल्या होत्या. सकाळी हसत होत्या, फोटो काढले. घाटात फोन लागत नाही. दुपारनंतर त्यांनी बरोबरच्या शिपायाशीही बोलणं सोडलं आणि वाटेकडे तोंड करून बसल्या. मी लांबून, शेळ्यांमागून बघत होतो. उन्हं कलली, तरी वाटेवर कुणी नव्हतं.