सावळाईची चंद्रकळा

सावळाईच्या बेटावर मातीचा कणही न्यायचा नाही, अशी आमच्याकडे रीत आहे. ती पडली चांगुणेच्या नवसापायी, असे सांगतात.

बेट म्हणजे नुसता काळा कातळ. फार पूर्वी जमिनीच्या पोटातली आग दर्यात उसळली आणि विझून तिथंच उभी राहिली, म्हणे. झाड नाही, गवत नाही. एकाला एक लागून उभे कातळाचे खांब, आणि मधोमध सावळाईचं ठाणं. चांगुणेचा नवरा धाकू होडीसकट वादळात सापडला, तेव्हा तिनं किनाऱ्यावरून हात जोडले, "आई, माझं कुंकू राख. तुझं उघडं बेट हिरवंगार करीन."

धाकू परत आला, आणि चांगुणेचा वनवास सुरू झाला. टोपल्या भरून माती न्यायची, रोपं लावायची, आणि पावसाळ्यात लाटांनी सगळं धुऊन न्यायचं. वर्षामागून वर्षं तेच. जाऊ म्हणायची, "सोन्याचा मुखवटा बोलली असतीस, तर एव्हाना फिटला असता." धाकू म्हणायचा, "कातळाला नेसवायला निघालीस, आणि माझं जाळं फाटकंच." चांगुणा हसण्यावारी न्यायची. पण नवस राहिला तर दर्या आपलं माणूस परत मागेल, ही धास्ती मनात. धाकूची होडी दिसेनाशी झाली की ती पुन्हा टोपली भरायला घेई.

एका नारळी पौर्णिमेनंतर ती गेली, तर पुन्हा कातळ लख्ख. आता मात्र ती वैतागली. टोपली ठाण्यापुढं उपडी करून म्हणाली, "आई, माझी कंबर गेली. हिरवं हवं तर तुझं तू नेस. पण त्यांना हात लावू नकोस."

तोच लाट आली आणि माती घेऊन गेली. ओले खांब उन्हात चमकले, चापून बसवलेल्या निऱ्यांसारखे. आणि ठाण्यातून त्रासलेला आवाज आला, म्हणे, "अगं बाई, हिरवं मागितलं कुणी? दरवर्षी माझी ही काळीभोर चंद्रकळा मळवून जातेस, आणि धुवायची मी. फिटला तुझा नवस. आता मला सुखानं राहू दे."

पुढं चांगुणा भरल्या कपाळानं गेली, म्हाताऱ्या धाकूच्या मांडीवर डोकं ठेवून.

आजही होडी बेटाला लागली की वहाणा आतच ठेवून लहानथोर सगळे आधी दर्यात पाय धुतात. तुम्हीही धुवा हो. आणि आईपाशी मागायचं ते पोटभर मागा; पण तिला काय द्यायचं, ते तिचा कौल घेतल्यावाचून बोलू नका.