धुरपामावशीच्या वाटणीची वाटी

पाण्याच्या एकशे एक गोष्टी मला तोंडपाठ आहेत. पंचक्रोशीत दुसऱ्या कुणाला येत असतील तर दाखवा. का रे, हसायला काय झालं? बरं, एकशे एक नाही, दहा. दहाही नाही. एक येते. तीसुद्धा तुमच्या आजीची चोरलेली. ती सांगायची तेव्हा मी झोपल्याचं सोंग घेऊन ऐकायचो. पण चोरलेली कैरी जास्त गोड लागते, बरं का. पाय आत घ्या, पांघरूण ओढा, आणि ऐका.

एकदा काय झालं, एक नदी होती. तिचं नाव नखरी. चार महिने नटूनथटून धावायची, आठ महिने रुसून दगडांत बसायची. तिच्यावर एक बंधारा, बंधाऱ्याला एक दार, दारातून निघालेला एक पाट, आणि पाटाच्या काठानं बारा शेतं. त्या बारा शेतांना पाणी वाटून द्यायला एक पाटकरी. त्याचं नाव उखा.

उखाकडं राज्य नव्हतं, घोडा नव्हता, मिशासुद्धा बेताच्याच. पण त्याच्याकडं एक वाटी होती. तांब्याची, आणि बुडाला भोक! तुम्ही म्हणाल, फुटकी वाटी मोडीत घालावी. अरे, भोकातच तर सगळी गंमत. ती वाटी खुद्द नखरीनं उखाच्या खापरपणजोबाला दिलेली. पाण्यानं भरलेल्या घंगाळात ती तरंगत सोडायची आणि शेतकऱ्याचं नाव घेऊन दार उघडायचं. की दारातून पाणी उठायचं आणि त्याच्या शेताची वाट धरायचं. इकडं भोकातून वाटीत थेंब थेंब पाणी शिरायचं. न्याहारीला सोडलेली वाटी दुपारच्या भाकरीला बुडायची. डुब्! तो आवाज झाला की पाणी जिथं असेल तिथं थांबायचं. पाळी संपली. मग पुढचं नाव.

प्रत्येकाला एक वाटी. ना कमी, ना जास्त. उखाला त्याचा भारी अभिमान. दाराशी एक जांभळाचं झाड होतं. त्याच्या सावलीत सपाट दगडावर घंगाळ ठेवायचं, शेजारी बसायचं, आणि येणाऱ्याजाणाऱ्याला ऐकवायचं, "राजाच्या दरबारात न्याय चुकेल, माझ्या वाटीत नाही!"

आता पहिलं शेत होतं आत्माराम पाटलांचं. अगदी दाराला खेटून. त्यांच्या केळी अशा माजलेल्या, की पानांआड हत्ती लपावा. आणि शेवटचं शेत होतं धुरपामावशीचं. मावशी एकटी. तिचा तुकडा एवढासा, त्यात ती गहू पेरायची. पण त्यात दोन वर्षं दाणा धरला नव्हता. मावशी येऊन म्हणायची, "उखा, पाणी पोचत नाही रे." उखा म्हणायचा, "मावशी, वाटी तर बुडाली. तुझंच पाणी वाटेत कुणाच्या लग्नाला गेलं असेल." आणि हसायचा. मेला कुठला!

त्या गावची एक रीत होती. तीन वर्षं ज्याचं शेत पिकलं नाही, त्याचं नाव वाटीपुढं घ्यायचं नाही. पाण्यावरचा हक्क गेला तो गेलाच. आणि मावशीचं हे तिसरं वर्ष.

मग एके सकाळी मावशी जांभळाखाली आली. भांडली नाही. गव्हाची एक ओली लोंबी तिनं उखाच्या तळहातावर ठेवली आणि अंगठ्यानं दाबली. दुधाचा एक थेंब आला. बस, एकच.

"गहू दुधात आलाय," ती म्हणाली. "पाणी मिळालं तर दाणा भरेल, नाहीतर भूस होईल. यंदा भूस झालं तर पुढच्या वर्षी माझं नाव घ्यायची तुला तसदी नको."

उखाला हसू आलं नाही. त्यानं वाटी सोडली, धुरपाचं नाव घेतलं, आणि जन्मात पहिल्यांदा पाण्याच्या मागं चालत निघाला.

पाहतो तर काय! पाटलांच्या केळीपर्यंत पाणी ऐटीत गेलं. मग पाटात गवत, गुडघाभर. पाणी त्यात गुरफटलं. पुढं खेकड्यांची बिळं. प्रत्येक बिळानं एकेक घोट घेतला. त्याच्याही पुढं पाट फुटून डबकं झालेलं, त्यात तीन म्हशी डोळे मिटून बसलेल्या. साफ कुणी करायचं? ज्याचं त्याचं शेत भिजलं की जो तो घरी. पाणी बिचारं धापा टाकत, बारीक होत होत, मावशीच्या बांधाजवळ आलं. एक वीत राहिली. मावशी बांधावर बसून हात पुढं करून म्हणत होती, "ये गं बाई, ये. एवढं एक पाऊल."

आणि तिकडं लांब जांभळाखाली, डुब्!

पाणी थांबलं. मान खाली घालून म्हणालं, "हुकूम नाही, मावशी." आणि तिथंच मातीत जिरलं.

मावशी पदर झटकून उठली. त्या दिवशी उखाला भाकरी गोड लागली नाही, हे मात्र खरं.

सहा दिवसांनी पुन्हा मावशीची पाळी. उखानं इकडं पाहिलं, तिकडं पाहिलं, आणि वाटीच्या भोकात मेणाचा बोळा दडपला. वाटीच बुडाली नाही तर पाळी कशी संपेल? हुशार! मलाही शाळेत असल्याच युक्त्या सुचायच्या, म्हणून तर मास्तरांनी मला घरी लावून दिलं.

मग काय, पाणी गेलं. गवताला पुरलं, बिळांना पुरलं, म्हशींना पुरलं, आणि मावशीच्या गव्हात शिरलं. मावशीनं हात जोडले. दुपार झाली. गहू घोट्याएवढ्या पाण्यात. दिवस कलला. गहू गुडघाभर पाण्यात. मावशी पदर खोचून पळत आली, "अरे, पुरे! थांबव! बुडवलंस की मला!"

उखानं वाटी दाबली. वाटी टुणकन वर! दगड ठेवला. दगड घरंगळला, वाटी वर! शेवटी उखा स्वतःच घंगाळात बसला. वाटी त्याच्या बगलेतून बाहेर आली आणि बदकासारखी तरंगत राहिली. बाकीचे अकरा जण बांधावर उभे राहून ओरडायला लागले. पाटील तर म्हणाले, "उख्या, आंघोळ करतोस का वाटप करतोस?"

मावशीनं बाभळीचा काटा मोडला, वाटी उलटी केली आणि मेण टोकरून काढलं. वाटी सोडली, भरली, बुडाली. पाणी थांबलं. पण सखल अर्ध्या तुकड्यातला गहू आडवा झाला तो उठला नाही. उंचावरचा अर्धा तेवढा उभा राहिला. आणि त्याला अजून शेवटचं एक पाणी हवं होतं.

गाव बसलं. उखाला उभं केलं. पाटलांनी त्याच्याकडून नदीची शपथ घेतली. "भोक बुजवणार नाही. वाटी दाबणार नाही. एकाला एकच वाटी देईन." उखानं तिन्ही वेळा कान पकडले. मावशी मागं बसून नुसती ऐकत होती.

मग पुन्हा पाळी आली. शेवटची. यानंतर गहू पाणी पिणार नव्हता. मिळालं तर आज, नाहीतर मावशीचं नाव संपलं.

उखा जांभळाखाली बसून डोकं खाजवत होता. आपल्या खापरपणजोबानं घंगाळ इथंच का ठेवलं असेल? खूप विचार केल्यावर त्याला घरात ऐकलेलं आठवलं. म्हाताऱ्याच्या गुडघ्यात वात होता. त्याला चालवत नव्हतं, म्हणून तो सावलीला बसला. म्हणून त्याचा पोरगा बसला. म्हणून नातू बसला. आणि गाव समजलं, हाच न्याय!

उखा उठला. त्यानं आधी धुरपाचं नाव घेऊन दार उघडलं, पाणी सोडलं. पण वाटी सोडली नाही. वाटी घातली कनवटीला, घंगाळ घेतलं डोक्यावर, आणि निघाला पाटाच्या काठानं.

पाटील केळीतून धावत बाहेर आले. "अरे, घंगाळ कुठं नेतोस?"

"मावशीच्या बांधावर. पाणी तिथं पोचलं, की वाटी सोडीन."

"तू शपथ घेतलीयस!"

"भोक उघडं आहे, पाटील. वाटी एकच आहे. दाबणारही नाही. घंगाळ कुठं ठेवायचं, ते कुठं शपथेत होतं?"

"आणि हे पाणी तिथं पोचायला संध्याकाळ झाली तर?"

"तर संध्याकाळी सोडीन. मावशीच्या मागून पाळी कुणाची आहे?"

मागून पाळी पाटलांचीच होती! आठवड्याच्या उन्हानं केळीची पानं लोंबायला लागली होती. मावशीचं पाणी जितकं रेंगाळेल, तितके पाटील ताटकळणार. पाटलांमागून दुसरा ताटकळणार, दुसऱ्यामागून तिसरा.

मग जी पळापळ झाली म्हणता! ज्या पाटलांनी आयुष्यात वाकून स्वतःचा जोडा उचलला नव्हता, ते धोतर खोचून पाटात उतरले आणि गवत उपटायला लागले. दुसऱ्यानं बिळांत माती ठोकली. एक खेकडा पाटलांच्या अंगठ्याला लोंबकळला, पण पाटील थांबले नाहीत. तिसऱ्यानं म्हशींना शेपटीला धरून उठवलं. फुटका काठ चौघांनी मिळून बांधला. आणि पाणी? नखरीचंच लेकरू ते! मोकळा पाट दिसताच उड्या मारत निघालं. उखाच्या पुढं धावलं, आणि मावशीच्या बांधाशी येऊन उभं राहिलं.

उखानं घंगाळ टेकवलं, पाण्यानं भरलं आणि वाटी सोडली. "धुरपा," तो म्हणाला. पाणी ती एक वीत ओलांडून आत गेलं. सरीसरीनं, वाफ्यावाफ्यानं, घाई न करता. मावशी एकेका वाफ्याचं तोंड फोडत होती, भरला की बुजवत होती. शेवटचा वाफा भिजला, मावशीनं कुदळ खाली ठेवली, आणि मग, डुब्!

मग काय, अर्ध्याच तुकड्यात गहू असा भरला, की मावशीच्या कणगीला मिठी मारायला दोन माणसं लागली. तिचं नाव वाटीपुढं राहिलं. त्या दिवसापासून घंगाळ ज्याची पाळी त्याच्या बांधावर जायला लागलं, पाटात पुन्हा गवत म्हणून माजलं नाही, आणि बाराही घरी रोज चूल पेटायला लागली. पाटलांचा अंगठा तेवढा थोडे दिवस सुजलेला होता. ते सगळे पोटभर जेवून झोपले, तुम्हीही झोपा. डोळे मिटा. कान तेवढे उघडे ठेवा, कारण एवढंसं अजून उरलंय.

मावशीनं नव्या गव्हाच्या पोळ्या केल्या आणि उखाला जेवायला बोलावलं. चौथी पोळी संपवून उखानं पोटावरून हात फिरवला आणि म्हणाला, "काही म्हण मावशी, इतक्या पिढ्यांत एवढं डोकं आमच्या घरात कुणालाच नव्हतं!"

मावशीनं त्याच्या ताटात पाचवी पोळी वाढली.

"डोकं सगळ्यांना होतं रे बाबा," ती म्हणाली. "पाय नव्हते."